अडीच तासांचं गाणं

‘सरी’ हा तिचा शब्द. तमिळात ‘बरं’ म्हणायचं झालं तर ‘सरी’ म्हणतात, हे मला तिच्याकडूनच कळलं. संयोजक म्हणायचे, बाई, पाचच मिनिटं हं, पाहुण्यांना पुढं जायचंय. ती म्हणायची, “सरी.” कुणी म्हणायचं, आता सतरंजी कोण घालणार, खुर्चीवर बसूनच गा. “सरी.” कुणी म्हणायचं, ते तुमचं मद्रासी नको, लोकांना कळेल असं काहीतरी संस्कृत म्हणा. “सरी.” मान एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे, आणि विषय संपला. एवढी समजूतदार कलाकार माझ्या धंद्यात मला दुसरी भेटली नाही, आणि खरं सांगतो, तिच्या त्या समजूतदारपणाचा मला कधीकधी रागच यायचा.

माझा धंदा माईकचा. मूळचा मी बेळगुंदीचा. घरची शेती होती, पण मला लहानपणापासून जत्रेतल्या कर्ण्याचं वेड. नांगर सोडून वायरी धरल्या म्हणून वडील दोन वर्षं माझ्याशी नीट बोलले नाहीत. पुढं बेळगावात शहापूरला दुकान टाकलं. साउंड सर्व्हिस असा बोर्ड लावला, पण लोक माईकवालाच म्हणतात, म्हणू देत. लग्न, बारसं, शाळेचं स्नेहसंमेलन, प्रचाराची सभा, श्रद्धांजली, कुठंही बोलवा, मी हजर. तुम्ही कार्यक्रमाला गेलात तर माईकवाल्याकडे कधी बघितलंय का? नसेलच. तो दिसतो फक्त माईकनं शिट्टी मारली की. मग सगळं सभागृह वळून असं बघतं, की ह्यानं कुणाचा खून केलाय.

आक्का मला पहिल्यांदा दिसली ती एका कॉलेजच्या कार्यक्रमात. दीपप्रज्वलनाआधी प्रार्थना म्हणायला आली होती. जरीकाठाची गडद साडी, दोन्ही नाकपुड्यांत चमक्या, कपाळावर विभूतीची बारीक रेघ. मी नेहमीप्रमाणं माईक तोंडापाशी नेऊन ठेवला. तिनं एका बोटानं तो हातभर लांब ढकलला. मी परत जवळ आणला. तिनं परत ढकलला. म्हणाली, “तम्मा, लांब ऱ्हाऊ दे त्येला. जवळ आला की माझा आवाज खातोय.”

मला दोन धक्के बसले. एक म्हणजे, गाणारे लोक माईक ओढून घेतात, अक्षरशः गिळायला बघतात. लांब ढकलणारी ही पहिलीच. आणि दुसरा म्हणजे तिची मराठी. ही बाई तोंड उघडेल आणि इंग्लिश येईल किंवा कन्नड, असं मला वाटलं होतं. आली ती अस्सल निपाणीची, बिडीवाल्या बायकांची मराठी. त्या दिवसापासून मी तिचा तम्मा झालो आणि ती माझी आक्का. कन्नडमध्ये तम्मा म्हणजे धाकटा भाऊ. इकडं मराठी घरातसुद्धा हे शब्द सर्रास चालतात.

तिची गोष्ट मला एकदम कुणी सांगितली नाही. कार्यक्रम सुरू व्हायची वाट बघत स्टेजमागं बसलेलं असताना ती तुकड्यातुकड्यानं कळली. जन्म तंजावरकडच्या एका खेड्यातला. आई लवकर गेली, म्हणून मैसूरला आत्याकडं वाढली. सातव्या वर्षी गाणं सुरू झालं. गुरू कडक होते, चुकलं की पट्टी मारायचे. एकोणिसाव्या वर्षी मैसूर, बेंगळूर, मद्रास इथल्या सभांतून ती बैठका करायला लागली. रेडिओवर गायची. तिकडं मैफलीला कचेरी म्हणतात. आमच्याकडं कचेरी म्हटलं की माणसाच्या पोटात गोळा येतो, तिच्या मात्र चेहऱ्यावर उजेड यायचा. “अडीच तास, तीन तास. लोक हालत न्हवते,” ती म्हणायची. फुशारकीचा सूर नसायचा त्यात.

मग लग्न झालं. यजमान तंबाखूच्या एका कंपनीत होते, पानांची प्रत ठरवायचं काम. बदली झाली निपाणीला. दोन वर्षांसाठी म्हणून आले ते अकरा वर्षं राहिले.

आता निपाणी कुणाला सांगायची गरज नाही. हंगामात वखारीत तंबाखू कुटायला लागले, की नवा माणूस स्टँडवर उतरल्यापासून शिंकायला लागतो. आम्हाला त्याचं काही नाही, पण ही बाई गळ्यावर जगणारी. पहिल्याच हंगामात आवाज बसला. पहाटे रियाजाला बसताना खिडक्यांवर ओले टॉवेल टाकायची. टॉवेल तासाभरात पिवळे व्हायचे, असं तिनंच सांगितलेलं. पहिली दोन-तीन वर्षं तिकडून बोलावण्याची पत्रं येत होती. एकदा बेंगळूरला गेली, आणि भर बैठकीत खोकल्याची उबळ आली ती थांबेना. कार्यक्रम अर्ध्यावर सोडून उठावं लागलं. त्यानंतर पत्रं कमी झाली आणि पुढं बंदच झाली. हे सगळं सांगताना ती माझ्या डब्यातली शेंगदाण्याची चटणी चाखून बघत होती, आणि लसूण जास्त झालाय म्हणत होती. 

निपाणीत तिला एकच श्रोतृवर्ग मिळाला, तो म्हणजे शेजारच्या बिड्या वळणाऱ्या बायका. मांडीवर सूप घेऊन तिच्या सोप्यात येऊन बसायच्या. ती गायची, त्या बिड्या वळायच्या. शब्द त्यांना कळत नव्हते, राग कळत नव्हता, पण आक्का थांबली की त्या म्हणायच्या, का थांबला, ते कालचं लांबलचक म्हणा की. त्यांच्याकडूनच ती मराठी शिकली. त्यातली एक सुंद्राबाई. तिच्याबद्दल आक्का नेहमी म्हणायची, की तिला ताल कुणी न शिकवता कळतो.

पुढं बदली होऊन ती बेळगावात आली, घर केलं, एका शाळेत संगीत शिकवायला लागली. आमच्या गावाला गाण्याचे कान आहेत, असं आम्हीच सांगत फिरतो. आहेतही. पण ते कान ख्यालाचे आणि नाट्यपदांचे. कर्नाटक संगीत म्हटलं की लोक म्हणणार, छान आहे हो, पण जरा भराभरा वाटतं. राहतो आम्ही कर्नाटकात, आणि कर्नाटक संगीत आम्हाला परकं, आता बोला. शिकायला मुली यायच्या आणि परीक्षेसाठी दुसऱ्या क्लासला जायच्या. ती म्हणायची, सरी. मग शाळेच्या कार्यक्रमात एकदा प्रार्थना म्हटली, ती कुणालातरी आवडली, त्यानं आपल्या संस्थेत बोलावलं, तिथून दुसऱ्यानं. बघता बघता ती गावभर ‘प्रार्थनावाल्या बाई’ झाली. तीस वर्षं. अडीच तास गायची तयारी असलेली बाई, आणि आम्ही तिच्याकडून पाच मिनिटं घेत होतो.

त्यात माझा हात होता, तो कसा ते सांगतो. ती गायला लागली की गाण्यात जायची. डोळे मिटायचे, उजवा हात मांडीवर ताल धरायचा. तिकडची पद्धतच तशी आहे. तबलजीच्या ठेक्यावर भरवसा ठेवून गायचं नाही, ताल गाणाऱ्यानं स्वतःच्या हातानं मोजायचा. एक थाप, मग करंगळीपासून एकेक बोट, परत थाप, तळवा उलटा. पाचाची सहा मिनिटं झाली की संयोजक मला स्टेजच्या कडेनं खूण करायचे, पंजा खालीवर हलवून, कुत्र्याला खाली बसवतात तसा. मग मी तिचा आवाज हळूहळू उतरवायचो. एकदम बंद केला तर लोकांना कळतं, म्हणून अगदी सावकाश. ती डोळे उघडायची, ओळ पुरी करायची आणि उठायची. मला वाटायचं, तिला कळत नाही.

एकदा चहा पिताना ती शांतपणे म्हणाली, “तम्मा, तू माझा आवाज लई हळूच काढून घेतोस. दुसरे एकदम तोडत्यात.” तिला तक्रार करायची नव्हती, ती माझं कौतुकच करत होती. ते जास्त लागलं.

यजमान गेले. मुलगा मैसूरला नोकरीला, तो बोलवत होता, ही जात नव्हती. आणि मग एके दिवशी सकाळी अकराच्या सुमाराला ती दुकानात आली. गळ्याला पदर गुंडाळलेला. थायरॉइडची गाठ वाढलीय, काढायला लागणार, डॉक्टर म्हणतात आवाजाची नस गाठीला चिकटलीय, आवाज राहील याची खात्री नाही. हे सगळं तिनं एका दमात सांगितलं. मी खुर्ची पुसली, चहा सांगितला, उगीच एक वायर गुंडाळली.

मग ती म्हणाली, “तुझा माईक अडीच तास देतोस काय?”

“कुणाच्या कार्यक्रमाला?”

“माझ्या,” ती म्हणाली.

लग्नानंतर तिनं एकदाही पूर्ण बैठक केली नव्हती. बेंगळूरची अर्ध्यावर सुटली ती शेवटची. गळा चाकूखाली जायच्या आधी तिला एकदा पहिल्यापासून शेवटपर्यंत गायचं होतं, आणि ते कुठंतरी राहावं म्हणून मी ते रेकॉर्ड करायचं होतं. तिनं आयुष्यात पहिल्यांदा कुणाकडं काही मागितलं असेल, आणि ते माझ्यासारख्या वायरवाल्याकडं. मी म्हटलं, आक्का, माईकच काय, हॉल पण बघतो.

मारुतीच्या देवळाचं सभागृह मिळालं. मृदंगवाले धारवाडहून आले, त्यांची मुलगी व्हायोलिनला. रविवारी संध्याकाळी साडेपाचची वेळ ठेवली. लोक किती यावेत? साठ-पासष्ट. शाळेतले जुने सहकारी, काही विद्यार्थिनी, गाण्यातले आमचे चार दर्दी काका, आणि पहिल्या रांगेत निपाणीहून बसनं आलेली सुंद्राबाई, नवं लुगडं नेसून, पिशवी मांडीवर घेऊन.

आक्का बसली, माईक हातभर लांब ढकलला आणि गायला लागली. मी तीस वर्षं तिचं गाणं ऐकत होतो असं मला वाटत होतं. त्या दिवशी कळलं, की मी फक्त दार वाजवल्याचा आवाज ऐकत होतो, घर बघितलंच नव्हतं. कानाला हेडफोन लावून मी बसलो होतो. फक्त एक गोष्ट खटकत होती. मांडीवरची थाप. तिच्यासमोरचा माईक लांब, म्हणून मी त्याचा जोर वाढवलेला. त्यामुळं प्रत्येक थाप त्यात धप्प, धप्प उमटत होती.

तिकडच्या बैठकीत मध्यंतर नसतं. पण बेळगावात चहाशिवाय कार्यक्रम म्हणजे लोक मागं नावं ठेवणार, म्हणून पन्नास मिनिटांनी आम्ही मध्यंतर घेतलं. आणि मी शहाणा तिच्यापाशी गेलो. हा आवाज पुन्हा मिळणार नाही, तेव्हा रेकॉर्डिंग कसं आरशासारखं व्हायला पाहिजे, हे माझ्या डोक्यात बसलेलं. म्हटलं, “आक्का, थाप लई येतीया माईकात. दुसऱ्या भागात हात जरा गप ठेवता येईल काय?”

मृदंगवाले काहीतरी बोलायला गेले. तिनं त्यांच्याकडं नुसतं बघितलं आणि ते गप्प झाले. मग तिनं आपल्या उजव्या हाताकडं बघितलं.

“सरी,” ती म्हणाली.

दुसऱ्या भागात तिनं कांभोजी राग घेतला, बैठकीचा मुख्य भाग. हात मांडीवर, एकात एक गुंतवून घट्ट धरलेले. हेडफोनमध्ये आवाज निर्मळ येत होता आणि मी स्वतःवर खूश होतो. आलापी झाली, गाणं झालं, मग ती त्यातल्या एका ओळीवर स्वर बांधत फिरायला लागली. ह्यात एक नेम असतो. स्वर कितीही लांब हिंडून आले तरी ओळीचा पहिला शब्द तालातल्या एका ठरलेल्या जागीच पडायला लागतो. ती जागा तिला तिचा हात दाखवायचा. आणि तो हात मी बांधून ठेवला होता.

दोन फेऱ्या बरोबर आल्या. तिसरी लांबली. ओळ एक मात्रा आधीच पडली. मृदंगवाल्यांनी सावरायचा प्रयत्न केला, व्हायोलिनवाली बिचारी थांबली, आणि आक्काही थांबली. सभागृहात निम्म्या लोकांना काय झालं ते कळलं नसेल, पण काहीतरी मोडलं हे सगळ्यांना कळलं. साठ वर्षं गाणारी बाई लग्नानंतरच्या आपल्या एकुलत्या एका बैठकीत, ताल चुकून, डोळे उघडे ठेवून समोर बघत बसली होती. मला वाटलं ती आता उठणार. उठली असती तर मी पुन्हा माईकला हात लावला नसता, शपथ घेऊन सांगतो.

ती उठली नाही. म्हणाली, “चूक झाली माझी. पुन्हा म्हणते.” मग हात सोडवले आणि उजव्या हाताची एक थाप मांडीवर अशी मारली, की माझ्या मशीनवरचा काटा लालमध्ये गेला. मी बटणाला हात लावला नाही. तिनं तीच ओळ धरली आणि तेच स्वर, त्याच वाटेनं, त्याच लांबीचे घेऊन ठरल्या जागी आणून ठेवले. पुढच्या रांगेतले आमचे दर्दी काका, जे इतका वेळ हाताची घडी घालून बसले होते, ते बोटांवर मोजायला लागले, आणि जमलं तसे स्वतःशीच हसायला लागले. त्यानंतरचा तिचा गळा मी वर्णन करायला जात नाही, ती माझी पात्रता नव्हे. शेवटचं मंगल म्हणून ती थांबली तेव्हा घड्याळात चहाचा वेळ सोडून अडीच तास झाले होते. पाणी प्यायली आणि मला म्हणाली, “झालं की रं, तम्मा.” मी तिच्या पाया पडलो. चुकीबद्दल माफी मागायची होती, पण मी माईकच आवरायला घेतला.

पंधरा दिवसांनी ऑपरेशन झालं. जीव वाचला, आवाज गेला. बोलली तर फुसफुस यायची, कान जवळ न्यायला लागायचा.

इकडं मी आठ दिवस त्या रेकॉर्डिंगवर बसलो. थापा काढायला गेलो तर मृदंगच मरायला लागला, म्हणून त्या सोडल्या. पण ती मोडलेली जागा मी काढली. ओळ चुकल्यापासून परत धरेपर्यंतची सगळी चाळीस सेकंदं उडवली आणि दोन्ही टोकं अशी जोडली, की कुणाच्या बापाला कळणार नाही. माझी चूक होती ना ती, माझ्यामुळं झालेली. ती तिच्या नावावर कायमची का राहावी? नंतर कार्ड पुसलं, कारण दुसऱ्या दिवशी लग्न होतं. आमच्या धंद्यात हेच चालतं. काम झालं की कार्ड मोकळं.

ती दुकानात आली, मी तिला हेडफोन लावून दिला. हात मांडीवर चालू झाला. तासभर ती हलली नाही. आणि मग तो हात वरच्या वर थांबला. तिनं हेडफोन काढला. मी कान जवळ नेला.

“माझी चूक कुठं गेली?”

मी म्हटलं, आक्का, ती काढली, बरं दिसत नव्हतं, लोकांना कशाला ते. मूळ रेकॉर्डिंगही आता नाही, पुसलं. आता हेच राहू दे, काही कळत नाही त्यात. आणि सवयीनं मी ‘सरी’ची वाट बघत राहिलो.

“न्हाय,” ती म्हणाली. मग थांबत थांबत, घसा ओढून म्हणाली, “बेंगळूरला गाणं मोडलं तवा मी उठून गेले. हिथं चुकले आणि बसले. तेवढंच तर मिळवलंय रं मी. ते दे मला.”

तुम्हाला सांगतो, ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ज्या बाईनं तीस वर्षं आमच्याकडं काही मागितलं नाही, तिनं मागितलेली एकच वस्तू मी स्वच्छतेच्या नादात केरात टाकली होती.

मग सुरू झाली शोधाशोध. त्या दिवशी आलेल्या प्रत्येकाला फोन केला. सगळ्यांकडं दीपप्रज्वलनाचा व्हिडिओ होता, हार घालतानाचा होता, स्वतःचे फोटो तर किलोनं होते. गाण्याची पहिली दोन मिनिटं पाच जणांकडं होती. मधलं कुणाकडंच नाही. धारवाडकरांकडंही नाही. आठवडा गेला. आणि एकदा दुकानात वायरी सोडवताना माझ्या डोळ्यांसमोर पहिल्या रांगेतली ती पिशवी आली. मध्यंतरानंतर पिशवीवर फोन होता.

दुसऱ्या दिवशी सकाळची बस धरून निपाणी गाठली. सुंद्राबाई दारातच सूप घेऊन बसली होती, सत्तरी उलटलेली, बोटं अजून चालू. म्हणाली, व्हय, घेतलंय की मध्यंतरापासनं. बिड्या वळताना लावते, आक्काचं म्हणणं असलं की हात पळत्यात. मांडीवरच्या पिशवीवर ठेवलेला साधा फोन. त्यात तिच्या बांगड्या वाजत होत्या, कुणीतरी खोकत होतं, मागं खुर्ची सरकत होती. पण ते होतं. कांभोजी होता, ती तिसरी फेरी होती, ती चुकलेली मात्रा होती. आणि त्या शांततेत, फोनच्या अगदी जवळून, सुंद्राबाईचा आवाज होता, पुटपुटल्यासारखा: “म्हणा आक्का, म्हणा. आमी हाय की हिथं.”

हे सभागृहात कुणालाच ऐकू आलं नव्हतं. मला नाही, आक्कालाही नाही.

ती चाळीस सेकंदं मी जशीच्या तशी मधे बसवली. जोड उघड दिसतो. चांगला आवाज अचानक डब्यात गेल्यासारखा होतो, आणि मग पुन्हा मोकळा होतो. माझ्या सगळ्या धंद्यात एवढं ओबडधोबड काम मी कुणाला दिलं नसेल.

आक्कानं ते माझ्या दुकानात बसून पहिल्यापासून ऐकलं. मी शटर अर्धं ओढून घेतलं होतं. ती जागा आली तशी मी तोंड फिरवलं. पण तिनं माझा दंड धरला, हेडफोनची एक बाजू माझ्या कानाला लावली आणि ओठांनीच विचारलं, “सुंद्री?” मी मान हलवली. ती रडली, चांगली रडली, आवाज नसलेलं माणूस रडतं तशी. मीही रडलो. लाज कसली त्यात? मग तिनं खूण करून पुढचं चालू ठेवायला सांगितलं आणि शेवटपर्यंत ऐकून मगच उठली.

महिन्याभरात मुलगा येऊन तिला मैसूरला घेऊन गेला. मधूनमधून त्याचा फोन यायचा. ती बोलू शकत नव्हती, म्हणून तोच सांगायचा, आई बरी आहे, तुम्हाला विचारते. दीड वर्षानं एके सकाळी त्यानं सांगितलं, की आई झोपेतच गेली. त्या दिवशी एका शाळेत माझं काम होतं. मुलींनी प्रार्थना म्हटली, चांगली म्हटली, आणि मी स्टेजमागं जाऊन उभा राहिलो.

तेराव्यानंतर दोन दिवसांनी पुन्हा त्याचा फोन आला. आईचं रेकॉर्डिंग सगळ्या नातेवाइकांना पाठवायचं म्हणत होता. निपाणीत वाढलेला पोरगा, मराठी चांगली बोलतो.

“मामा, मधे एके ठिकाणी आवाज एकदम खराब होतो. कुणी बाई पण बोलतेय. तेवढं साफ करून मिळेल काय?”

“तिथं तुझी आई चुकलीय,” मी म्हणालो. “चुकली, बसून राहिली आणि पुन्हा गायली. तिनं ते माझ्याकडनं मागून घेतलंय. मी त्येला हात लावणार न्हाय.”

तो म्हणाला, मी ते नीट ऐकलंच नाही मामा, काम करता करता लावलं होतं, किती मिनिटांवर आहे?

“एक तास अकरा मिनिटं.”

“थांबा,” तो म्हणाला. फोन टेबलावर ठेवल्याचा आवाज आला. मग पुढं-मागं करत तो ती जागा शोधत होता ते ऐकू आलं. सापडली. आक्काची ओळ एक मात्रा आधी पडली, सगळं थांबलं, सुंद्राबाई म्हणाली ते मैसूरहून मला माझ्या दुकानात ऐकू आलं, आणि मग थाप पडली. गाणं पुढं सुरू झालं. तो फोनवर परत आला नाही, आणि मीही ठेवला नाही. समोर गिऱ्हाईक उभं होतं, त्याला हातानंच बसायला सांगितलं, आणि पुढचा सव्वा तास, तो तिकडं आणि मी इकडं, तसेच बसून राहिलो.